उलू या शब्दाचे आमच्या घरातले अर्थ

उलू (नाम). मंगलप्रसंगी बायकांनी जीभ तोंडातल्या तोंडात झरझर हलवून काढलेला उंच, लांब, थरथरता आवाज. उपयोग: लग्नात, पूजेत, बाळाच्या उष्टावणात.

कोशात एवढंच दिलंय. कोशकाराच्या मुलीचं लग्न झालेलं नसावं. किंवा झालं असेल, तर तो त्या दिवशी गावाला गेला असावा. वाद घालायची ताकद आता माझ्यात नाही. मी कोन्नगरच्या शाळेत भूगोल शिकवतो आणि आवाजाशी माझा संबंध ‘शांत बसा’ या दोन शब्दांपुरताच होता. तेवढाच राहिला असता तर बरं झालं असतं.

अर्थ १. जो वेळेवर येत नाही तो.

टुकुनच्या आशीर्वादाला, म्हणजे साखरपुड्याला, बर्धमानहून मुलाकडची हाजरा मंडळी आली. टुकुन म्हणजे माझी मुलगी, एकुलती एक. संदेशाची मिठाई चांगली होती, रुई मासा ताजा होता, माझं धोतर सुटलं नाही. मुलाच्या मामानं टुकुनच्या डोक्यावर धान-दूर्वा ठेवल्या आणि माझ्या बायकोनं, मंजूनं, शंख फुंकला. शंख तिला उत्तम जमतो. शंख संपला आणि सगळे थांबले. शंखामागून उलू यावा लागतो. तो आला नाही.

मंजूनं माझ्याकडे पाहिलं. मी काय करणार? हा बायकांचा प्रांत. तिच्या बहिणी बंगळुरात, माझी भावजय कॅनडात, आणि शेजारच्या मित्तिरबौदी, म्हणजे मित्तिरवहिनी, पदराआड तोंड लपवून बसलेल्या. शेवटी मंजूनंच तोंड उघडलं. जे बाहेर पडलं ते ऐकून मुलाच्या मामानं स्वैपाकघराकडे पाहिलं. त्याला वाटलं, कुकरची वाफ सुटली.

मग विहीणबाईंनी संदेशाची बशी खाली ठेवली, पदर सारखा केला आणि स्वतःच उलू दिला. खिडकीची तावदानं वाजली.

“काही नाही हो,” त्या गोड आवाजात म्हणाल्या, “कलकत्त्याच्या इतक्या जवळ राहिलं की असं होतंच. लग्नाला मी काही यायची नाही, आईनं मुलाचं लग्न बघायचं नसतं. पण माझ्या जावा येतील. त्यांचे कान फार तिखट आहेत हं.”

मंडळी गेली आणि टुकुन म्हणाली, “यात एवढं तोंड पाडण्यासारखं काय आहे? लग्नात बडपिशी देईल.”

बडपिशी म्हणजे माझी मोठी बहीण रेबा. मी तिला बडदी म्हणतो. ती मला अजून पोल्टू म्हणते, तेही विद्यार्थ्यांसमोर. मंजू टेलिफोनच्या कचेरीत नोकरी करायची तेव्हा टुकुनला वाढवलं ते बडदीनं. आणि एके काळी कोन्नगरात कुठेही लग्न असलं की आधी बडदीला सांगावा यायचा. तिचा उलू गंगेपलीकडे पाणिहाटीला ऐकू जातो, असं लोक म्हणायचे. माझे मेहुणे वारले आणि ते थांबलं. आमच्याकडे उलू सवाष्णींनी द्यायचा असतो. तेव्हापासून घरात काही मंगल सुरू झालं की बडदी आपली आपण उठते आणि वरच्या खोलीत जाऊन बसते. तिला कोणी जा म्हणत नाही.

आत्ता ती खाली येऊन बशा गोळा करत होती. “वेडी का खुळी?” ती टुकुनला म्हणाली. “लग्नाच्या घरात असलं बोलू नये.”

“मग मला कोणाचाच नको. तुझा असेल तरच. बाबा, तू सांग ना हिला.”

दोघी माझ्याकडे बघायला लागल्या. मंजूही.

“हे बघा,” मी म्हणालो, “शेवटी बडदीची मर्जी.” आणि पाण्याची मोटर बंद करायला उठलो.

मोटर चालू नव्हती.

अर्थ २. बाजारात मिळणारी वस्तू.

म्हणजे बडदीला विचारायचं नाही, टुकुनला दुखवायचं नाही आणि बर्धमानच्या तिखट कानांपुढे नाकही कापून घ्यायचं नाही. अशा वेळी माणूस शेजाऱ्यांचा सल्ला घेतो. मी घेतला. समोरचे गोलोक दत्त, तागाच्या गिरणीतून निवृत्त झालेले, म्हणाले, “मास्टरमोशाय, कोणत्या काळात राहता? उलू आता डब्यातून येतो. मंडपवाल्या बिशूला विचारा.”

बिशूकडे खरोखरच होता. त्यानं आमच्या अंगणात कपाटाएवढा स्पीकर आणून ठेवला आणि फोनवर बोट टेकवलं. उलू आला, दणदणीत आला. मंजूच्या डोळ्यांत पाणी आलं. तेवढ्यात उलू संपून एक पुरुष म्हणाला, “पाठदुखीनं हैराण आहात? आजच घरी न्या आमची गादी.”

“ते शेवटचं काढता येईल?” मी विचारलं.

“काढलं तर उलूही जातो, काकू. सॉरी, काका.” बिशू दमला होता. लग्नसराईच्या आधीच दमलेला माणूस पाहून मला त्याच्याबद्दल जिव्हाळा वाटला. “बोट तयार ठेवायचं आणि बरोबर वेळेला बंद करायचं. फक्त ठाण्यातून परवानगी आणा. स्पीकर मोठा आहे.”

ठाण्यात मेजबाबू, म्हणजे दुय्यम फौजदार, होते. त्यांच्यासमोर चहा आणि माझ्यासमोर बाक.

“गाणं की घोषणा?” त्यांनी विचारलं.

“उलू.”

“ते कळलं. पण रकाने दोनच आहेत.”

“मग धार्मिक लिहा.”

“धार्मिकला देवळाचं पत्र लागतं. तुमचा उलू कोणत्या देवळाचा?”

“घरचा आहे हो. मुलीच्या लग्नाचा.”

“मग गाणं लिहू. कोण गातंय?”

“माहीत नाही. एक बाई आहे. तिच्यानंतर गादीवाला आहे.”

मेजबाबूंनी पेन खाली ठेवलं. “मास्टरमोशाय, तुमच्या घरात तोंडानं उलू देणारी एक बाई नाही का? तोंडाला परवानगी लागत नाही.”

“आहे,” मी म्हणालो. आणि मग म्हणालो, “नाही.”

“नक्की काय?”

“उद्या येतो,” असं सांगून मी उठलो आणि पुन्हा गेलो नाही.

अर्थ ३. कला. शिकता येते असं म्हणतात.

मग मंजूनं एक मधला मार्ग काढला. बडदीनं उलू द्यायचा नाही, नुसता शिकवायचा. बडदी बराच वेळ तांदूळ निवडत राहिली. मग म्हणाली, “आवाज काढणार नाही मी. दाखवीन नुसतं.”

रोज दुपारी गच्चीवर वर्ग भरायला लागला. मंजू, मित्तिरबौदी, मित्तिरबौदींच्या दोन जावा आणि मागच्या गल्लीतल्या, कुठेही काहीही चाललं असलं की येणाऱ्या बायका. बडदी त्यांच्यासमोर उभी राहायची, तोंडाच्या बाजूला हात धरायची आणि जीभ हलवायची. आवाज बंद केलेल्या टीव्हीवर उलू लागल्यासारखं दिसायचं. समोरून मात्र डबक्यातले बेडूक, रेडिओची खरखर आणि खोकला.

मीही हातभार लावला. फळा वर नेऊन जिभेचा छेद काढला, बाणांनी दिशा दाखवल्या. मित्तिरबौदी जवळ येऊन म्हणाल्या, “आफ्रिका का?” त्यानंतर मला जिन्याच्या खाली बसायला सांगण्यात आलं.

तिथून सगळं ऐकू यायचं. एकदा मित्तिरबौदी म्हणाल्या, “रेबादी, एकदा आवाजासकट दाखवा ना. इथे कोण ऐकतंय?”

“मी ऐकते ना,” बडदी म्हणाली.

त्या दिवशी वर्ग लवकर सुटला.

अर्थ ४. भूकंप.

इथे थोडं थांबावं लागेल. दर वर्षी भूकंपाचा धडा शिकवताना मी एक वाक्य न चुकता सांगतो: शंख फुंकल्यानं आणि उलू दिल्यानं जमीन स्थिर होत नाही. सांगावं लागतं, कारण आमच्याकडे जमीन हलली की घराघरातून पहिल्यांदा हेच होतं. पृथ्वी डोक्यावर धरलेल्या बासुकी नागानं फणा बदलला, म्हणून शंख आणि उलू. लोक पळतात, पण फुंकत फुंकत पळतात. आणि त्या वेळी सवाष्ण कोण, विधवा कोण, हे कोणी बघत नाही. ज्याला तोंड आहे त्यानं आवाज करायचा.

पौष महिन्यातला रविवार होता. दुपारी मटण झालं होतं आणि अख्खा पाडा झोपला होता. मीही झोपलो होतो. गच्चीवर वर्ग चालू होता. आणि त्या दिवशी, इतक्या दुपारींच्या घशाखरडीनंतर, त्यांना उलू आला. सगळ्यांना, एकदम. मित्तिरबौदींना इतका आनंद झाला की त्यांनी पूजेच्या कोनाड्यातला शंख उचलून फुंकला.

समोर गोलोक दत्त जागे झाले. त्यांचा विचार अगदी बिनचूक होता, हे मी आजही मान्य करतो. पौषात लग्न नसतं, मुंज नसते, काहीच मंगल नसतं. भरदुपारी शंख, त्यावर उलू. म्हणजे भूकंप. त्यांनी उशाचा शंख घेतला आणि फुंकत रस्त्यावर आले. त्यांचा ऐकून घोषांनी फुंकला, घोषांचा ऐकून क्लबाच्या मागच्यांनी. बघता बघता आवाज बाजार ओलांडून शेजारच्या रिशड्याच्या बाजूला गेला आणि तिकडून दुप्पट होऊन परत आला.

मी डोळे उघडले तेव्हा पलंग हलत होता. खरंच हलत होता. शपथेवर सांगतो. मी टुकुनला हाताला धरून मैदानात पोचलो तेव्हा माझ्या अंगावर लुंगी होती आणि काखेत उशी. उशी का, ते विचारू नका.

मैदानात सगळा पाडा जमला होता, आणि त्यात माझे निम्मे विद्यार्थी.

“सर, किती असेल?”

“साडेचारच्या आसपास,” मी म्हणालो.

“केंद्र कुठे, सर?”

“ब्रह्मदेशात, आराकानच्या बाजूला. खोलवर.”

“दुसरा धक्का येईल?”

“येणारच,” मी म्हणालो, आणि घराकडे वळलेले लोकही परत येऊन गवतावर बसले.

आमच्या गच्चीवरच्या बायकांनी मात्र चारी बाजूंनी शंख ऐकले आणि त्यांना वाटलं, खरंच झाला. त्या कठड्याला धरून ओरडायला लागल्या. आणि मग त्या सगळ्या कोलाहलाच्या वर एक उलू चढला. उंच, सरळ, कुठेही न तुटणारा. तो मैदानावरून गेला, घाटाकडे गेला, आणि एकेक शंख गप्प होत गेला.

गोलोक दत्तांनी शंख खाली घेतला. “ही रेबा,” ते म्हणाले. “रेबा देतेय. म्हणजे मोठाच असणार.”

टुकुननं माझा दंड धरला. “बाबा, ऐकलंस?”

“उघड्यावरच थांबा,” मी तिला म्हणालो. “भिंतीपासून लांब.”

तेवढ्यात आमच्या कठड्यावरून मित्तिरबौदी वाकल्या आणि साऱ्या मैदानाला ऐकू जाईल असं ओरडल्या, “मास्टरमोशाय, आम्हाला जमला हो!”

अर्थ ५.

हा अर्थ ठाण्यात जमा आहे. मेजबाबू एवढंच म्हणाले, “परवानगी घ्यायला आला होतात तेव्हा मला वाटलं होतं, हा माणूस काहीतरी करणार.” केबलवर बातमी आली. शाळेत माझं नाव आराकान सर पडलं आणि ते निवृत्तीपर्यंत जाणार नाही. हेडमास्तरांनी भूकंपाचा धडा यंदा दुसऱ्या कोणाला तरी द्यावा असं सुचवलं. मी हो म्हणालो. मला काहीही द्या किंवा काढून घ्या.

बडदीनं वर्ग बंद केला. “फसवलंत मला,” एवढंच म्हणाली. जेवायला वाढताना तिनं माझ्या पानात भात जरा जोरात टाकला.

आणि विहीणबाईंचा फोन आला. कोणीतरी त्यांना मैदानातला व्हिडिओ पाठवला होता.

“तुमचा भूकंप जाऊ द्या,” त्या म्हणाल्या. “त्यात शेवटी एक उलू आहे. कोणाचा?”

“माझ्या बहिणीचा.”

“अगं बाई! काय आवाज आहे हो! लग्नात त्याच देणार ना?”

“ती... म्हणजे आमचे मेहुणे आता नाहीत.”



“हं,” विहीणबाई म्हणाल्या. “आमच्याकडे नाही करत असं. पण लग्न तुमच्या घरी. शेवटी तुमची मर्जी.”

हे वाक्य माझ्या ओळखीचं होतं. मी फोन ठेवला आणि टुकुनला काही सांगितलं नाही. तिनं विचारलंही नाही. हेच मला खटकायला हवं होतं.

अर्थ, पुढचा. क्रमांक कोणी मोजत बसलेलं नाही.

माघात लग्न. गोधूलीचा मुहूर्त. सकाळपासून मी इतक्या लोकांना ‘या, बसा, जेवून जा’ म्हटलं होतं की घशातून त्याखेरीज दुसरं काही निघत नव्हतं. बडदीनं पहाटे टुकुनच्या हळदीची वाटी भरून दिली आणि ती वर गेली. दार लोटून घेतलं.

नवरा मुलगा मांडवात उभा राहिला. टुकुनला पाटावर बसवून चार मावस-चुलत भावांनी उचललं, नवऱ्याभोवती सात फेरे घातले. रिवाजाप्रमाणे तिनं दोन्ही हातांनी विड्याची पानं डोळ्यांवर धरली होती. पोरांनी तिला नवऱ्यासमोर उंच धरलं. आता पानं बाजूला व्हायची, दोघांची नजर भेटायची. पुरोहित म्हणाले, “शुभदृष्टी!” मंजूनं शंख फुंकला. वर्गानं उलू दिला. चांगला होता. बर्धमानच्या जावांनी एकमेकींकडे बघून मान हलवली. माझ्या जिवात जीव आला.

पानं हलली नाहीत.

“टुकुन, पानं काढ,” मंजू म्हणाली.

“बडपिशीला बोलवा,” पानांमागून आवाज आला.

“असं काय करतेस? सगळे बघतायत.”

“बघू देत. मी कुठे बघतेय?”

मी पुरोहितांकडे वळलो. “शास्त्र काय म्हणतं?”

“शास्त्रात असं कुठे लिहिलेलं नाही,” ते म्हणाले. “पण लिहिलेलं नाही असंही मी म्हणणार नाही. मुहूर्त मात्र चाललाय.”

“काका, हात चाललेत!” पाट धरलेल्यातला एक कण्हला. “ही दिसते तेवढी हलकी नाहीये!”

“कोणाला म्हणतोस रे?” पानांमागून टुकुन.

“थांबू आम्ही,” नवरा मुलगा म्हणाला. सकाळपासून तो पहिल्यांदाच बोलला. “मला घाई नाही.”

“तुला नाही! तू उभा आहेस! धर ये इकडे!” पाट धरलेला ओरडला.

मी जिना चढलो.

बडदी खिडकीकडे पाठ करून पलंगावर बसली होती. हात मांडीवर.

“झाली शुभदृष्टी?”

“नाही. पानं काढत नाहीये.”

“तू बाप ना? दटाव.”

“दटावून झालं. पोरांचे हात मोडायला आलेत. ती तुझ्यासाठी अडून बसलीय, बडदी. आता तुझी मर्जी—”

“पोल्टू,” ती म्हणाली, “दमले रे मी या मर्जीला.” रागानं नाही, ओझं खाली ठेवताना बोलतात तशी बोलली. “ज्याच्या त्याच्या तोंडी माझी मर्जी. तू म्हणतोस, मंजू म्हणते, बर्धमानवालीही तेच म्हणाली असेल. माझ्यावर सोडलंत की तुम्ही सुटलात. इतकी वर्षं मी उठून वर येतेय. ‘ये’ म्हणून एकानं तरी हाक मारली? न बोलावता मांडवात कोण जातं रे?”

खालून पाट धरणाऱ्यांचं ओरडणं ऐकू येत होतं. सकाळपासून मी बिशूच्या नोकरांनासुद्धा ‘या, बसा’ म्हटलं होतं.

“ये,” मी म्हणालो. आवाज इतका बारीक निघाला की मलाच ऐकू आला नाही.



“बडदी, खाली ये. मी बोलावतोय.”

“चष्मा दे,” ती म्हणाली. “जिना दिसत नाही मला.”

आम्ही मांडवात आलो तेव्हा बायका आपोआप बाजूला झाल्या. बर्धमानच्या थोरल्या जाऊबाईंनी बडदीच्या पांढऱ्या साडीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. “या कोण?”

“माझी बहीण,” मी म्हणालो. “मी बोलावलंय.” ते सगळ्यांना ऐकू गेलं, कारण गोलोक दत्तांनी मागून “बरोबर!” म्हटलं. जाऊबाई उभ्याच राहिल्या.

बडदीनं तोंडाशी हात नेला. जीभ हलली. आवाज नाही. गच्चीवरच्यासारखंच, नुसता वारा. तिनं हात खाली घेतला. पोरं कण्हायची थांबली. मग मित्तिरबौदींनी हळूच सुरुवात करून दिली, मंजूनं त्यात आवाज मिळवला, आणि त्या दोघींच्या मधून, त्यांना बाजूला सारत, तो वर आला.

पानं खाली आली. टुकुन रडत होती आणि हसत होती आणि नवऱ्याच्या खांद्यावरून, त्याच्या टोपराच्या, त्या उंच टोकदार मुकुटाच्या, पलीकडे, सरळ बडदीकडे बघत होती.

“अहो, दृष्टी इकडे!” पुरोहित ओरडले. “ही धरायची नाही! पानं पुन्हा वर!”

टुकुननं पानं पुन्हा डोळ्यांवर घेतली. पोरांनी देवाचं आणि एकमेकांच्या बापाचं नाव घेत पाट पुन्हा उंच केला. बडदीनं पदर कमरेला खोचला आणि श्वास भरून घेतला.